थकलेले घरकर्ज, बँकेचा ताबा आणि युनियनचे काम

वर्तमानपत्रांच्या आतल्या पानांवर 'ताबा नोटीस' आणि 'ई-लिलाव' अशा मथळ्यांच्या जाहिराती आता नित्याच्या झाल्या आहेत. बारीक टाइपात कर्जदाराचे नाव, खाली सहकर्जदार म्हणून बहुधा पत्नीचे नाव, फ्लॅटचा नंबर, चतुःसीमा आणि थकलेली रक्कम. त्यांत कारखान्यांच्या जागा व गोदामे असतात, तशीच चारशे-पाचशे चौरस फुटांची घरेही असतात. ही घरे कोणाची, हे वेगळे सांगायला नको. बदलापूर, भुसावळ, नागपूर, इटारसी, सुरत, सिकंदराबाद, जेथे जेथे रेल्वे आणि कारखाने आहेत तेथे तेथे पगारावर कर्ज काढून घर घेतलेला कामगार आहे. आमच्या शाखांच्या कार्यालयांत बदली-बढतीच्या अर्जांबरोबर आता बँकांच्या नोटिसाही येऊ लागल्या आहेत. या प्रश्नावर कामगार चळवळीने आपले मत ठरवले पाहिजे, म्हणून हा लेख.

आमची भूमिका प्रथमच सांगतो. घेतलेले कर्ज फेडले पाहिजे, याबद्दल आमच्या मनात शंका नाही. बँकेतला पैसा आकाशातून पडलेला नाही. तो ठेवीदारांचा आहे आणि ठेवीदारांत आपल्यासारखे पगारदार व पेन्शनर फार मोठ्या संख्येने आहेत. बड्या थकबाकीदारांकडून वसुली करा, अशी मागणी बँक कर्मचाऱ्यांच्या संघटना वर्षानुवर्षे करीत आल्या आहेत आणि आपण तिला पाठिंबा देत आलो आहोत. तेव्हा 'वसुली नको' असे आपण म्हणू शकत नाही. आमचे म्हणणे वेगळे आहे. जो कायदा बड्या थकबाकीदारांचे नाव घेऊन आणला गेला, त्याची कुऱ्हाड कामगाराच्या एकुलत्या घरावर सगळ्यांत सहज चालते, आणि ती चालण्यापूर्वी कामगाराचे म्हणणे कोणा निःपक्षपाती माणसाने ऐकलेले नसते. आमचा विरोध याला आहे.

पूर्वी बँकेला तारण मालमत्ता विकायची तर बहुतेक ठिकाणी दिवाणी न्यायालयात दावा लावावा लागे. दावे वर्षानुवर्षे चालत, हेही खरे. नवे आर्थिक धोरण आल्यावर नरसिंहम समितीच्या शिफारशींनंतर १९९३ साली कर्जवसुली न्यायाधिकरणांचा कायदा झाला. त्यानेही वसुलीला वेग येईना, म्हणून जून २००२ मध्ये वटहुकूम आणि त्याच वर्षाच्या अखेरीस कायदा, अशा रीतीने नवी व्यवस्था आली. तिचे लांबलचक इंग्रजी नाव कोणी घेत नाही. बँकेत आणि कोर्टात तिला 'सरफेसी' म्हणतात.

या कायद्याचे मर्म असे की, बँक स्वतःच वादी, स्वतःच पंच आणि स्वतःच बेलिफ. हप्ता ९० दिवसांपेक्षा जास्त थकला की खाते 'एनपीए' म्हणजे अनुत्पादक ठरते. ही मुदत पूर्वी १८० दिवस होती, ती मार्च २००४ पासून निम्म्यावर आणली गेली. खाते एनपीए झाले की कलम १३(२) खाली ६० दिवसांची नोटीस येते. या नोटिशीत फक्त चुकलेले तीन हप्ते मागत नाहीत, सगळे कर्ज एकदम मागतात. साठ दिवसांत पैसे भरले नाहीत, तर कलम १३(४) खाली बँकेचा अधिकृत अधिकारी घराचा ताबा घेऊ शकतो. प्रत्यक्ष कुलूप लावायला अडचण आली तर कलम १४ खाली जिल्हाधिकारी किंवा मुख्य दंडाधिकारी यांच्याकडे अर्ज करून पोलीस बंदोबस्त मिळतो. त्या अर्जाच्या वेळी कर्जदाराचे म्हणणे ऐकण्याची तरतूद नाही. दिवाणी न्यायालयाची दारे कलम ३४ ने बंद केली आहेत.

हा कायदा सर्वोच्च न्यायालयात गेला. मार्डिया केमिकल्सच्या प्रकरणात ८ एप्रिल २००४ रोजी न्यायालयाने कायदा कायम ठेवला, पण त्यातली एक जाचक अट रद्द केली. न्यायाधिकरणात दाद मागायची तर आधी मागणीच्या ७५ टक्के रक्कम भरा, अशी ती अट होती. नोटिशीला कर्जदाराने आक्षेप घेतला तर त्याचा विचार करून बँकेने कारणे कळवली पाहिजेत, असेही न्यायालयाने सांगितले. त्यातून कलम १३(३अ) आले. आक्षेपाला उत्तर देण्याची मुदत आता १५ दिवसांची आहे. दाद मागायला गेलेली एक मोठी कंपनी होती, पण त्या निकालाने मिळालेला आक्षेपाचा हक्क आज आपल्या सभासदाच्या हातातले पहिले हत्यार आहे. दुर्दैवाने ते फार थोडे वापरतात.

आता दोन जुन्या-नव्या कायद्यांशी तुलना करून पाहू.

दिवाणी प्रक्रिया संहिता १९०८ सालची, म्हणजे इंग्रजांच्या राज्यातली. तिच्या कलम ६० ने शेतकरी, मजूर आणि घरगुती नोकर यांचे राहते घर जप्तीतून वगळले आहे. पगाराचा मोठा भाग, भविष्य निर्वाह निधी, पेन्शन, ग्रॅच्युइटी यांनाही संरक्षण आहे. कष्टकऱ्याला रस्त्यावर आणून वसुली करू नये, एवढे भान त्या कायद्यात आहे. सरफेसीच्या कलम ३१ मध्ये या वगळलेल्या मालमत्तांचा उल्लेख आहे, पण सोबत कंस टाकून त्या कर्जासाठी खास तारण दिलेली मालमत्ता बाहेर काढली आहे. घरकर्जात घर हेच तारण. म्हणजे ज्या घरासाठी संरक्षण हवे, तेच घर संरक्षणाबाहेर. तारणाच्या बाबतीत जुन्या कायद्यातही सूट पूर्ण नव्हती, हे आम्ही मान्य करतो. पण तेथे दावा न्यायाधीशापुढे चालत होता आणि हप्ते बांधून देण्याची विनंती करायला जागा होती.

दुसरी तुलना २०१६ च्या दिवाळखोरी कायद्याशी. एखाद्या कंपनीचे प्रकरण त्या कायद्याखाली दाखल करून घेतले गेले की कलम १४ ची स्थगिती लागू होते. दावे थांबतात, वसुली थांबते, सरफेसीखालची कारवाईसुद्धा थांबते. तसे त्या कलमात नाव घेऊन लिहिले आहे. मुदत १८० दिवसांची, ती वाढवून आणि कोर्टात गेलेला वेळ धरून ३३० दिवसांची. मग धनको मंडळी बसून किती कर्ज सोडायचे ते ठरवतात. त्याला 'हेअरकट' असे गोंडस नाव आहे. त्याच कायद्यात व्यक्तींसाठीही प्रकरणे लिहिली आहेत. पण ती डिसेंबर २०१९ पासून कंपनीच्या कर्जाला वैयक्तिक हमी देणाऱ्यांपुरतीच लागू केली गेली. साध्या पगारदाराला ती लागू नाहीत. अगदी गरिबांसाठी 'नवी सुरुवात' नावाची कर्जमाफीची जी सोय कागदावर आहे, तिच्यातही ज्याच्या मालकीचे घर आहे तो अपात्र, मग ते घर गहाण का असेना. कंपनीला श्वास घ्यायला ३३० दिवस आणि कामगाराला ६०, हा कुठला न्याय?

कोणी म्हणेल, कामगाराने ऐपत पाहून कर्ज घ्यावे. तो पाहतोच. पण कर्ज घेतल्या दिवशीची ऐपत आणि पाच वर्षांनंतरची परिस्थिती एक राहत नाही. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेने रेपो दर ४ टक्क्यांवरून ६.५ टक्क्यांवर नेला. बदलत्या दराचे कर्ज असेल तर त्याचा अर्थ काय होतो ते हिशेबाने पाहा. २० लाख रुपये, २० वर्षांची मुदत, व्याज ७ टक्के, तर हप्ता सुमारे १५,५०० रुपये. तेच व्याज ९.५ टक्के झाले की हप्ता सुमारे १८,६०० रुपये. महिन्याला तीन हजारांवर वाढ, आणि महागाई भत्ता काही त्या बेताने वाढत नाही. हप्ता १५,५०० च ठेवला तर काय? पहिल्या महिन्याचे व्याजच १५,८३३ रुपये होते. म्हणजे कामगार हप्ता भरत राहतो आणि कर्ज मात्र वाढत जाते. व्याजदर बदलताना कर्जदाराला कळवा, हप्ता वाढवायचा की मुदत, हे त्याला विचारा, असा आदेश रिझर्व्ह बँकेला ऑगस्ट २०२३ मध्ये काढावा लागला. तोपर्यंत न विचारता मुदती वाढवण्याचे प्रकार सर्रास चालत होते.

याच ठिकाणी केंद्र सरकारी कर्मचाऱ्यांच्या घरबांधणी अग्रिमाची आठवण करून द्यावीशी वाटते. २०१७ च्या नियमांप्रमाणे ३४ महिन्यांचे मूळ वेतन किंवा २५ लाख रुपये, यांपैकी कमी असेल तेवढे अग्रिम मिळते. व्याज सरळ असते. आधी मुद्दल १८० हप्त्यांपर्यंत आणि मग व्याज ६० हप्त्यांपर्यंत पगारातून कापले जाते. मागच्या पिढीने ही सोय झगडून टिकवली. परंतु कंत्राटी कामगार तिच्या बाहेर आहे. त्याला बँकेच्या किंवा त्याहून महाग अशा गृहवित्त कंपनीच्या दारातच जावे लागते.

आमच्या विभागातली दोन प्रकरणे सांगतो. एका डेपोत डबे धुणारा कंत्राटी कामगार. ठेका बदलला आणि जुन्या ठेकेदाराने तीन महिन्यांचा पगार अडकवला. घराचे तीन हप्ते चुकले. चौथ्या महिन्यात उसनवारी करून त्याने एक हप्ता भरला, पण खाते सुधारले नाही. कारण रिझर्व्ह बँकेने नोव्हेंबर २०२१ मध्ये स्पष्ट केले आहे की, सगळी थकबाकी भरल्याशिवाय एनपीए झालेले खाते पूर्ववत करता येत नाही. नोटीस हातात पडल्यावर अठराव्या दिवशी तो शाखेत आला. आम्ही दोन्हीकडून काम केले. एकीकडे कलम १३(३अ) खाली लेखी आक्षेप पाठवून पगार थकल्याचे कागद जोडले. दुसरीकडे ठेकेदाराच्या बिलातून पगाराची रक्कम अडवून द्यावी, म्हणून प्रशासनाच्या मागे लागलो. मुदत संपण्यापूर्वी पैसे हाती आले, सगळी थकबाकी भरली गेली आणि ताब्याची कारवाई टळली. येथे घर वाचवले ते पगाराच्या लढ्याने, कोर्टाने नव्हे, ही गोष्ट लक्षात ठेवण्यासारखी आहे.

दुसरा सेवानिवृत्त ट्रॅकमन, आपण ज्याला गँगमन म्हणत आलो. उभी नोकरी क्वार्टरमध्ये काढली आणि निवृत्तीच्या तोंडावर घर घेतले. मुलाच्या आजारपणात हप्ते थांबले. पोस्टमनने आणलेली इंग्रजी पत्रे त्याने न उघडता पेटीत ठेवली. तो आमच्याकडे आला तेव्हा लिलावाची जाहिरात छापून झाली होती. थकलेल्या हप्त्यांएवढी रक्कम भाऊ द्यायला तयार होता. बँकेने ती घेतली नाही, कारण प्रश्न आता हप्त्यांचा नव्हता, संपूर्ण कर्जाचा होता. घर गेले.

या दुसऱ्या प्रकरणामागचा कायदा प्रत्येक सभासदाला ठाऊक पाहिजे. गहाण मालमत्ता सोडवून घेण्याचा हक्क विक्री पूर्ण होईपर्यंत राहतो, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली मॅथ्यू वर्गीस प्रकरणात म्हटले होते. परंतु २०१६ साली कलम १३(८) बदलले गेले. सप्टेंबर २०२३ मध्ये बाफना मोटर्सच्या प्रकरणात न्यायालयाने स्पष्ट केले की, लिलावाची नोटीस प्रसिद्ध झाली की कर्ज फेडून मालमत्ता सोडवण्याचा हक्क संपतो. म्हणजे जाहिरात छापून येण्याची तारीख ही आता शेवटची तारीख आहे. त्यानंतर पैसे घेऊन धावण्यात अर्थ उरत नाही.

सहकारी बँकेचे कर्ज असेल तर हा कायदा लागू नाही, असा समज आपल्याकडे बरीच वर्षे होता. मुरगूडच्या सहकारी बँकेच्या प्रकरणात ५ मे २०२० रोजी पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने तो वाद मिटवला. सहकारी बँकांनाही सरफेसी लागू आहे.

मग दाद कोठे मागायची? कलम १७ खाली कर्जवसुली न्यायाधिकरणात, बँकेने ताब्याचे पाऊल उचलल्यापासून ४५ दिवसांत. उच्च न्यायालयांनी अशा प्रकरणांत सहसा हात घालू नये, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये सत्यवती टंडन प्रकरणात सांगितले आहे, त्यामुळे रिट अर्जाचा मार्ग जवळजवळ बंद आहे. देशात न्यायाधिकरणे ३९. महाराष्ट्रात ती मुंबई, पुणे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे आहेत. मनमाड, सोलापूर, कोल्हापूरच्या माणसाने रजा टाकून तेथे जायचे. बिलासपूर-रायपूरच्या कर्मचाऱ्याने तर दुसऱ्या राज्यात, जबलपूरला. साठ दिवसांत आणि फार तर चार महिन्यांत निकाल द्यावा, असे कायदा म्हणतो, पण प्रत्यक्षात तारखांवर तारखा पडतात. न्यायाधिकरणांतल्या रिक्त जागांबद्दल २०२१ साली सर्वोच्च न्यायालयानेच केंद्र सरकारला खडसावले होते. तेथे हरलात आणि वर अपील करायचे असेल, तर येणे रकमेच्या ५० टक्के आधी भरा. मेहरबानीने ती २५ टक्क्यांपर्यंत कमी होऊ शकते. पंधरा लाखांचे येणे असेल तर कमीत कमी पावणेचार लाख. एवढे पैसे असते तर घर थकले असते कशाला?

बँक क्षेत्रातले काही मित्र आम्हांला सांगतात की, वसुली सोपी झाली म्हणूनच तुम्हां कामगारांना घरकर्ज मिळू लागले. तारण विकणे अवघड केले तर बँका छोट्या माणसाला दारात उभे करणार नाहीत. यात तथ्य आहे. एके काळी बँकेत घरकर्ज मागायला गेलेल्या कामगाराला कोणी विचारत नसे, हे आम्ही पाहिले आहे. म्हणूनच कायदा गुंडाळा, अशी आमची मागणी नाही. पण दोन महिने उशिरा वसुली झाली म्हणून बँक बुडत नाही. बँका अडचणीत आल्या त्या बड्या उद्योगांच्या कर्जांमुळे, कामगाराच्या घरकर्जामुळे नव्हे.

तेव्हा आमच्या मागण्या अशा आहेत. कर्जदाराचे ते एकमेव राहते घर असेल, तर प्रत्यक्ष ताब्यापूर्वी जिल्ह्याच्या ठिकाणी न्यायिक अधिकाऱ्यासमोर एक सुनावणी झालीच पाहिजे आणि हप्ते बांधून देण्याचा अधिकार त्या अधिकाऱ्याला असला पाहिजे. पगार थकणे, कारखाना बंद पडणे, अपघात किंवा गंभीर आजार या कारणाने हप्ते चुकल्याचे सिद्ध झाले, तर कंपनीला मिळते तशी स्थगिती कामगारालाही मिळाली पाहिजे. अशा घरांच्या बाबतीत लिलावाच्या दिवसापर्यंत पैसे भरून घर सोडवण्याचा हक्क परत आला पाहिजे. पहिल्या नोटिशीसोबत कर्जदाराच्या मातृभाषेत तिचा मतलब दिला पाहिजे. ताब्याची जाहिरात स्थानिक भाषेतल्या वर्तमानपत्रात द्यावी, असा नियम आहे; पण सुरतमधल्या मराठी कामगाराला गुजराती जाहिरातीचा काय उपयोग? आणि कर्जदार व्यक्तीच्या अपिलासाठी आगाऊ रकमेची अट काढून टाकली पाहिजे.

या मागण्या मान्य होईतो हातावर हात ठेवून बसता येणार नाही. कायदा आहे तसा असताना काय करता येते, ते सभासदांनी ध्यानात ठेवावे. बँकेचे पत्र आले की त्याच दिवशी उघडावे आणि शाखेत आणावे. एक हप्ता चुकणार असे दिसताच, तीन चुकायची वाट न पाहता, बँकेला लेखी कळवून पोच घ्यावी. साठ दिवसांच्या नोटिशीला आक्षेप लेखीच द्यावा. कर्जापैकी बहुतेक फेडून झाले असेल आणि मुद्दल व व्याज मिळून २० टक्क्यांहून कमी येणे उरले असेल, तर कलम ३१ प्रमाणे हा कायदा लागू होत नाही, हे तपासावे. विक्रीपूर्वी मान्यताप्राप्त मूल्यमापकाकडून किंमत काढणे आणि नियमाप्रमाणे नोटीस देणे बँकेवर बंधनकारक आहे. त्यात कसूर असेल तर न्यायाधिकरण कारवाई रद्द करून ताबा परत देववू शकते. विक्रीतून जादा पैसे आले तर ते कर्जदाराचे आहेत, ते मागून घ्यावेत. वसुली एजंटांनी सकाळी आठपूर्वी आणि संध्याकाळी सातनंतर फोन करायचा नाही, असा रिझर्व्ह बँकेचा आदेश आहे. धाकदपटशा झाला तर बँकेकडे आणि मग रिझर्व्ह बँकेच्या लोकपालाकडे तक्रार करावी. त्याला फी नाही.

आणखी एक गोष्ट, जी आमच्या अनेक कार्यकर्त्यांनाही माहीत नाही. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे औद्योगिक कामगार, स्त्रिया, तसेच अनुसूचित जाती-जमातींच्या व्यक्ती यांना मोफत वकील मिळण्याचा हक्क आहे, आणि त्या कायद्यात 'न्यायालय' या शब्दात न्यायाधिकरणही येते. पत्नी सहकर्जदार असेल तर तिच्या नावाने अर्ज करता येतो. जिल्हा न्यायालयाच्या आवारात या प्राधिकरणाचे कार्यालय असते.

प्रत्येक शाखेने एका कार्यकर्त्याकडे हे काम सोपवावे. आठवड्यातून एक संध्याकाळ त्याने कार्यालयात बसावे, सभासदांची आणि कंत्राटी कामगारांचीही पत्रे वाचून द्यावीत, तारखांची वही ठेवावी. बँक कर्मचारी संघटनेतल्या एखाद्या जाणकार साथीला सोबत घ्यावे. तो आपलाच माणूस आहे आणि बँकेच्या कामकाजातले बारकावे त्याला ठाऊक आहेत. पगार, बोनस, पेन्शन यांसाठी आपण लढतो ते शेवटी निवाऱ्याची आणि भाकरीची सोय व्हावी म्हणूनच. झगडून मिळवलेला पगार ज्या घरात गेला, ते घर केवळ पत्र न उघडल्यामुळे जात असेल, तर तो प्रश्न त्या सभासदाचा खाजगी नाही, युनियनचा आहे. येत्या शाखा बैठकीत हा विषय घ्यावा आणि किती सभासदांवर नोटिसा आहेत, त्याची माहिती विभागीय कार्यालयाकडे पाठवावी, असे आम्ही सर्व शाखा सचिवांना आवाहन करतो.